जुन्या इंग्रजी पत्रातला ‘अल्टिमो’: तारीख नेमकी कशी काढायची

बेळगाव, शहापूर, खानापूर, चिकोडी, निपाणी या पट्ट्यात जुन्या घरातला दप्तराचा रुमाल सोडला की तीन तऱ्हेचे कागद एकदम बाहेर पडतात: मोडी, कन्नड आणि इंग्रजी. मोडीसाठी आपण जाणकार गाठतो, कन्नड शेजारीपाजारी कुणीही वाचून देतं, आणि इंग्रजी ‘ते काय, येतंच की’ म्हणून स्वतःच वाचतो. घोटाळा होतो तो इंग्रजीतच, आणि बहुतेक वेळा तारखेत. कारण या पत्रांच्या मजकुरात पुष्कळदा महिन्याचं नावच नसतं. नुसता आकडा असतो आणि त्याच्यापुढे एक बारकासा शब्द: ‘अल्ट’, ‘इन्स्ट’ नाहीतर ‘प्रॉक्स’. ‘अल्टिमो’, ‘इन्स्टंट’ आणि ‘प्रॉक्सिमो’ यांची ही आखूड रूपं.

असे कागद आपल्याकडे भरपूर असण्याला कारण आहे. १८१८ च्या एप्रिलमध्ये बेळगावचा किल्ला इंग्रजांनी घेतला, १८३६ साली धारवाडातून बेळगाव हा वेगळा जिल्हा झाला, आणि १ नोव्हेंबर १९५६ ला म्हैसूर राज्यात जाईपर्यंत इथला कारभार मुंबईशी जोडलेला होता. शहापूर सांगली संस्थानाकडे, रामदुर्ग हे स्वतंत्र संस्थान. त्यांचा पोलिटिकल एजंटाशी, म्हणजे संस्थानांवर देखरेख करणाऱ्या इंग्रज अधिकाऱ्याशी, चालणारा पत्रव्यवहारही इंग्रजीतून होई. इनाम, वतन, सावकारी, कॅम्पातल्या बंगल्यांची भाडी अशा विषयांवरची पत्रं आणि नोटिसा याच काळातल्या. त्यांतली एक तारीख महिनाभर इकडे-तिकडे झाली तर कोणता कागद आधीचा आणि कोणता नंतरचा, हा क्रमच बिघडतो.

शब्द आणि त्याची दोन भावंडं

‘अल्टिमो’ हे इंग्रजीतलं जुनं, आता वापरातून गेलेलं विशेषण. मूळ लॅटिन. ‘अल्टिमो मेन्से’ म्हणजे ‘गेल्या महिन्यात’. त्यातला ‘मेन्से’ गळाला आणि ‘अल्टिमो’ उरला. ‘प्रॉक्सिमो’ची कथा तीच: ‘प्रॉक्सिमो मेन्से’, पुढच्या महिन्यात. तिसरा ‘इन्स्टंट’, म्हणजे हातात असलेला, चालू महिना.

‘अल्टिमस’ या लॅटिन शब्दाचा अर्थ ‘शेवटचा’ असाही होतो, आणि गोंधळाचं मूळ इथेच आहे. पण मराठीतही तसंच आहे. ‘त्याचं शेवटचं पत्र’ म्हणजे ‘त्यानंतर पत्रच आलं नाही’ असंही होतं आणि ‘आत्तापर्यंत आलेल्यांत अलीकडचं’ असंही. ‘अल्टिमो’मधला ‘शेवटचा’ हा दुसऱ्या अर्थाचा आहे: नुकताच सरलेला महिना.

मोडी कागद हाताळणाऱ्यांना हे लगेच पटेल. ‘सालमजकूर’ म्हणजे चालू साल, ‘सालगुदस्त’ म्हणजे गेलं साल. साल कुठलं ते शब्दात नसतं, कागदाच्या तारखेवरून काढावं लागतं. ‘इन्स्टंट’ आणि ‘अल्टिमो’ ही महिन्यापुरती तीच तऱ्हा. शब्दाला स्वतःची तारीख नाही. ज्या कागदावर तो लिहिला आहे त्या कागदाच्या तारखेला तो टांगलेला असतो. पुढच्या सगळ्या पायऱ्या याच एका गोष्टीतून निघतात.

वाक्यातली जागाही ध्यानात ठेवायला हवी. मराठीत विशेषण नामाच्या आधी येतं, ‘गेल्या महिन्याची तेवीस तारीख’. इंग्रजीत हे शब्द आकड्याच्या मागून येतात: ‘द ट्वेंटी-थर्ड अल्टिमो’. म्हणून आपल्या सवयीने वाचणारा तो शब्द पुढच्या शब्दाला चिकटवतो. ‘थर्ड इन्स्टंट’च्या पुढे हुकुमाचा उल्लेख असला की ‘तातडीचा हुकूम’ असा अर्थ लावला जातो. ‘अल्ट’ पाहून ‘अल्टिमेटम’ आठवतो आणि साध्या पोचपावतीची निर्वाणीची नोटीस होते. ‘प्रॉक्स’चं तर दोन्हीकडून मरण: कुणी त्याला ‘अॅप्रॉक्सिमेट’ समजून ‘सुमारे १२ तारखेला’ असं लिहितं, कुणी ‘प्रॉक्सी’ समजून तिथे मुखत्यार उभा करतं.

पहिलं काम: पत्राची स्वतःची तारीख

मजकूर वाचण्याआधी ही तारीख पक्की करा. पुष्कळ चुका इथे घाई केल्याने होतात.

खाजगी किंवा सरकारी पत्रात ती बहुधा वर उजव्या कोपऱ्यात, गावाच्या नावाखाली असते. अर्जात आणि नोटिशीत ती पुष्कळदा खाली, सहीजवळ मिळते. तारीख नुसती आकड्यांत असेल, जसं १०-५-१६, तर इंग्रजी रिवाजाप्रमाणे पहिला आकडा दिवस आणि दुसरा महिना. म्हणजे १० मे १९१६.

कचेरीतून फिरून आलेल्या कागदावर तीन-तीन तारखा असतात. एक लिहिल्याची, एक पोचल्याची (शिक्का किंवा कोपऱ्यातला शेरा), एक त्यावर कारवाई झाल्याची. ‘अल्टिमो’ मोजायचा तो फक्त लिहिल्याच्या तारखेपासून. २९ ऑक्टोबरला लिहिलेलं पत्र २ नोव्हेंबरला पोचलं आणि पोचल्याचा शिक्का ठळक आहे म्हणून तो धरला, की ‘अल्टिमो’ सप्टेंबरचा ऑक्टोबर होतो. शिक्का जांभळा आणि स्पष्ट, मूळ शाई मात्र फिकट तपकिरी, अशा कागदावर डोळा आपोआप शिक्क्याकडे जातो. आधी शाई वाचा, शिक्का मागाहून.

तारीख नसेलच तर पाकीट शोधा. पोस्टाचा शिक्का कुठल्या गावचा आहे ते आधी पाहा. पाकिटाच्या मागच्या बाजूचा शिक्का पुष्कळदा पोचल्याच्या गावचा असतो. साल कळत नसेल तर कागद उजेडासमोर धरा. बऱ्याच विलायती कागदांत जलचिन्हामध्ये साल असतं. त्यावरून ‘याच्या आधीचं नव्हे’ एवढंच ठरतं, कारण कागदाचा गठ्ठा वर्षानुवर्षं पडून राहत असे. आणि नकलांच्या वहीत एकाखाली एक पत्रं उतरवलेली असतील तर तारीख सगळ्यात वरच्या नोंदीला एकदाच दिलेली आणि खाली ‘डिट्टो’ची नुसती दोन अक्षरं, असंही असतं. पान उलटून मागे जायचा कंटाळा करू नका.

खानापूरकडच्या पावसात हे काम काढूच नये. दमट हवेत घड्या चिकटतात, उलगडताना नेमका घडीवरचा आकडा तुटतो. कोरड्या दिवशी, खिडकीतून एका बाजूने येणाऱ्या उजेडात, कागद सपाट ठेवून भिंगाने वाचा आणि मोबाइलवर फोटो घेऊन ठेवा. फाटलेल्या जागी सेलोटेप लावायचा नाही आणि लॅमिनेशन करायचं नाही. दोन्हींचं नुकसान परत भरून येत नाही.

अक्षर ओळखणं

हे शब्द पूर्ण लिहिलेले क्वचित सापडतात. ‘अल्टिमो’चं यू-एल-टी आणि टिंब, काही वेळा टीच्या डोक्यावर बारीक ‘ओ’ चढवलेला असतो आणि तो तापमानाच्या अंशाच्या खुणेसारखा दिसतो. ‘इन्स्टंट’चं आय-एन-एस-टी, ‘प्रॉक्सिमो’चं पी-आर-ओ-एक्स. काही स्कॉटिश लेखणींतून चालू महिन्यासाठी ‘करंट’चं सी-यू-आर-टी येतं, अर्थ ‘इन्स्टंट’चाच.

घाईच्या तिरप्या अक्षरात ‘अल्ट’ आणि ‘इन्स्ट’ फार सारखे दिसतात. तेव्हा अक्षरं वाचायचा हट्ट सोडा आणि उभ्या रेघा मोजा. ‘अल्ट’मध्ये शेवटी दोन उंच रेघा शेजारी-शेजारी असतात, एलची आणि टीची. ‘इन्स्ट’मध्ये उंच रेघ एकच, अगदी शेवटी, आणि सुरुवातीला आयचं टिंब, तेही बरेचदा जरा पुढे सरकून एनवर पडलेलं. ‘प्रॉक्स’ सगळ्यात सोपा: पहिल्याच अक्षराची शेपटी ओळीखाली उतरते. एवढ्याने नाही जमलं तर त्याच लेखकाच्या हातचा दुसरा, नि:संशय ‘टी’ शोधून शेजारी ठेवून पाहा. आडवी रेघ तो डावीकडून ओढतो की नुसती उजवीकडे फेकतो, हे माणसागणिक ठरलेलं असतं.

उलगडा

पत्राची तारीख हातात आली की गणित लहान आहे. ‘इन्स्टंट’ला पत्राचाच महिना, ‘अल्टिमो’ला त्याच्या लगेच आधीचा, ‘प्रॉक्सिमो’ला लगेच पुढचा. आकडा जसाच्या तसा.

समजा २ नोव्हेंबर १८२४ च्या पत्रात कित्तूरच्या लढाईचा उल्लेख ‘सॅटर्डे, द ट्वेंटी-थर्ड अल्टिमो’ असा आला. नोव्हेंबरच्या आधीचा ऑक्टोबर, म्हणजे २३ ऑक्टोबर १८२४. राणी चन्नम्माच्या सैन्याशी लढताना धारवाडचा कलेक्टर थॅकरे मारला गेला तो दिवस. वार शनिवारच होता, त्यामुळे उलगडा पक्का.

आता हा नमुना पाहा. पत्राची तारीख ५ जानेवारी १९२५, आणि मजकूर असा: ‘युअर लेटर ऑफ द ट्वेंटी-एट्थ अल्टिमो रीच्ड मी ऑन द सेकंड इन्स्टंट. द बॅलन्स विल बी पेड बाय द टेन्थ प्रॉक्सिमो.’ तुमचं २८ डिसेंबर १९२४ चं पत्र मला २ जानेवारी १९२५ ला मिळालं; उरलेली रक्कम १० फेब्रुवारी १९२५ पर्यंत चुकती होईल. जानेवारीच्या पत्रात ‘अल्टिमो’ आला की साल एकाने मागे जातं, डिसेंबरच्या पत्रात ‘प्रॉक्सिमो’ आला की एकाने पुढे. महिना बरोबर काढून साल चुकवणं ही फार सहज होणारी चूक आहे. बेळगावचं काँग्रेस अधिवेशन, ज्याचे अध्यक्ष गांधीजी होते, डिसेंबर १९२४ च्या अखेरीस भरलं. त्याबद्दल जानेवारीत लिहिलेल्या पत्रांत ‘ट्वेंटी-सिक्स्थ अल्टिमो’ येणं अगदी स्वाभाविक, आणि वर १९२५ पाहून तो दिवस १९२५ चा लिहून टाकणंही तितकंच सोपं.

‘अल्टिमो’ म्हणजे ‘महिन्यापूर्वी’ नव्हे, हे मनात घट्ट बसवा. १ नोव्हेंबरच्या पत्रातला ‘३१ अल्टिमो’ म्हणजे कालचा दिवस. ३० नोव्हेंबरच्या पत्रातला ‘१ अल्टिमो’ म्हणजे ६० दिवसांपूर्वीचा. मुदती मोजताना हा फरक सगळ्यात जास्त भोवतो.

‘मार्च लास्ट’, ‘जून नेक्स्ट’ अशी जी रचना दस्तांत दिसते ती वेगळी. तिथे महिन्याचं नाव दिलेलं असतं आणि ‘लास्ट’ म्हणजे सर्वांत अलीकडचा मार्च. तो अकरा महिने मागचाही असू शकतो. ‘अल्टिमो’ एकच महिना मागे जातो, त्याच्या पलीकडे कधी नाही.

सतराव्या शतकातल्या इंग्रजी कागदांत मात्र ‘अल्टिमो’ महिन्याच्या नावाबरोबर येतो आणि त्याचा अर्थ ‘त्या महिन्याचा शेवटचा दिवस’ असा होतो. १८१८ नंतरच्या आपल्या कागदांना हा अर्थ लावू नका. जुन्या-नव्या (ज्युलियन आणि ग्रेगोरियन) पंचांगाच्या फरकाचीही इथे काळजी नाही. इंग्रजांनी ती बदलाबदल १७५२ सालीच उरकली होती.

पत्राच्या आत पत्र

खरी कसोटी इथे आहे, आणि सरावलेली माणसंही इथे ठेचकाळतात.

सरकारी पत्रव्यवहारात एक पत्र दुसऱ्याचा हवाला देतं, ते तिसऱ्याचा. वरच्याच नमुन्यात पुढे असं वाक्य आहे असं धरा: तुम्ही २८ अल्टिमोच्या पत्रात ‘२० अल्टिमो’च्या माझ्या पत्राचा उल्लेख केला आहे. हा ‘२० अल्टिमो’ कुणाचा? तो अवतरणचिन्हांत असेल, म्हणजे समोरच्याचे शब्द जसेच्या तसे उतरवले असतील, तर तो २८ डिसेंबरच्या पत्रात लिहिला गेला आणि त्याचा महिना नोव्हेंबर: २० नोव्हेंबर १९२४. लेखकाने स्वतःच्या शब्दांत सांगितलं असेल तर तो ५ जानेवारीच्या पत्राला लागू, म्हणजे २० डिसेंबर १९२४. एकाच वाक्यातून एक महिन्याची दरी.

अवतरणचिन्हं सगळेच घालत नसत. म्हणून आधी रचना पाहा: वाक्यात ‘मी’ आणि ‘तुम्ही’ यांची अदलाबदल झाली असेल तर लेखकाने ते आपल्या शब्दांत फिरवलं आहे. ‘मी’ अजून समोरच्याचाच असेल तर उतारा आहे. तरीही ठरत नसेल तर मूळ २० तारखेचं पत्र शोधणं हाच उपाय, आणि ते मिळेपर्यंत दोन्ही तारखा नोंदवून ठेवा. एक निवडून दुसरी विसरून जाणं हे चुकीपेक्षा वाईट, कारण मागाहून येणाऱ्याला तिथे शंका होती हेच कळत नाही.

सोबत जोडलेल्या कागदांचंही हेच. जोडपत्रातला ‘इन्स्टंट’ जोडपत्राच्या तारखेचा, वरच्या पत्राच्या नव्हे. वर्तमानपत्राच्या कात्रणात बातमीच्या सुरुवातीला गावाच्या नावापुढे दिलेली तारीख धरायची. अंक छापल्याची तारीख त्याहून पुढची असते.

याच कुळातला ‘इव्हन’ हा शब्द आजही कचेऱ्यांत जिवंत आहे. ‘लेटर ऑफ इव्हन डेट’ म्हणजे याच तारखेचं दुसरं पत्र, ‘इव्हन नंबर’ म्हणजे याच क्रमांकाचं. सरकारी मराठीतलं ‘समक्रमांकाचे पत्र’ ते हेच. इथे विषम-समचा काही संबंध नाही. तसंच निकालपत्रातलं ‘इन्स्टंट केस’ म्हणजे तातडीचं प्रकरण नव्हे, प्रस्तुत प्रकरण.

उलटतपासणी

तारीख काढली की ती तीन ठिकाणी घासून पाहा.

आकडा त्या महिन्यात बसतो का? ‘३१ अल्टिमो’ हा मार्च, मे, जुलै, ऑक्टोबर किंवा डिसेंबरच्या पत्रात येऊच शकत नाही, कारण त्यांच्या आधीच्या महिन्यांना ३१ तारीख नाही. आला, तर पत्राचा महिना, आकडा किंवा तो शब्द यांपैकी एक नक्की चुकीचा वाचला गेला आहे. १ आणि ७ यांची गल्लत नेहमीची. २१ किंवा २७ असू शकतात.

क्रियापद काय म्हणतं? १० तारखेच्या पत्रात ‘२५ इन्स्टंट’ला बैठक भरणार असेल तर ठीक. पण २५ ला पैसे दिले, असं भूतकाळी वाक्य असेल तर तो ‘इन्स्ट’ नाही, ‘अल्ट’ आहे. पुन्हा भिंग घ्या, उंच रेघा मोजा.

वार दिला असेल तर मोबाइलच्या कॅलेंडरात त्या सालापर्यंत मागे जा. वार जुळला तर वर कित्तूरच्या उदाहरणात झालं तसं काम फत्ते. पत्रावर साल नसतं तेव्हा तर वारावरूनच दोन-तीन संभाव्य सालांतलं एक ठरवता येतं.

नक्कल आणि भाषांतर

नकलेत मूळ शब्द पुसून थेट तारीख घालू नका. मूळ राहू द्या आणि उलगडा चौकोनी कंसात द्या: ‘२३ अल्टिमो [२३ ऑक्टोबर १८२४]’. खात्री नसेल तिथे कंसातच प्रश्नचिन्ह. पुढे कुणाला पत्राची खरी तारीख वेगळी सापडली तर त्याला तुमचा उलगडा दुरुस्त करता येतो. मूळ शब्दच नाहीसा झाला असेल तर काहीच करता येत नाही.

मराठी भाषांतरात ‘गत मासी’ किंवा ‘गेल्या महिन्यात’ एवढ्यावर थांबण्यात आमच्या मते धोका आहे. रुमालात शेजारीच तिथी-मासाचे मराठी कागद असतात, आणि वाचणारा ‘गत मास’ म्हणजे आश्विन की ऑक्टोबर या विचारात पडतो. अधिक महिना आला असेल तर आणखीच पंचाईत. इंग्रजी महिन्याचं नाव आणि साल लिहून मोकळं व्हा.

तहसीलदार कचेरीत किंवा कोर्टात द्यायला कन्नड भाषांतर लागतं तेव्हाही तेच. भाषांतरकाराच्या हातात नुसतं ‘अल्ट’ असलेलं इंग्रजी पत्र दिलंत की तो ‘कळेद तिंगळु’ लिहील. शब्दाला शब्द म्हणून ते बरोबरच आहे, पण भाषांतराच्या कागदावर वर तारीख पडते ती भाषांतराची, आज-उद्याची. वाचणाऱ्याला ‘कळेद तिंगळु’ म्हणजे कुठला महिना, हे त्या कागदावरून कळायला मार्ग राहत नाही. म्हणून पत्राबरोबर वेगळ्या कागदावर चार रकाने करून द्या: पत्राची तारीख, मूळ शब्द, उलगडलेली तारीख, आणि ती कशावरून ठरवली. प्रत्येक उल्लेखाला एक ओळ. भाषांतर हातात आलं की सही-शिक्का होण्याआधी त्या चार रकान्यांशी एकेक तारीख ताडून घ्या.